तारामती, सीता आणि राम : अण्णा साळुंके यांची कारकीर्द

शीवच्या किल्ल्यावर उभे राहून 1912 साली कोणी दक्षिणेकडे दृष्टी टाकली असती, तर माटुंग्याकडील भातशेते, दादर-माहीमच्या नारळीच्या वाड्या, सुधार ट्रस्टाने नव्याने आखलेले रस्ते आणि त्यांच्याही पलीकडे परळ-लालबागच्या गिरण्यांची धुरांडी, एवढाच देखावा त्याच्या नजरेस पडला असता. परंतु त्या वाड्यांच्या परिसरात, दादरच्या मेन रोडवरील मथुरा भवन नावाच्या बंगल्यात, त्याच वर्षी असा एक उद्योग आकारास येत होता की, ज्याचे नाव पुढे या शहराच्या नावाशी कायमचे जोडले गेले. त्या उद्योगाचे प्रवर्तक धुंडिराज गोविंद फाळके यांचे चरित्र महाराष्ट्रास परिचित आहे. दादरच्या त्या रस्त्यास त्यांचे नाव मिळाले, आणि 1969 पासून चित्रपटक्षेत्रातील सर्वोच्च राजमान्य पुरस्कार त्यांच्याच नावाने दिला जातो. मात्र ‘राजा हरिश्चंद्र’ या त्यांच्या पहिल्या चित्रपटातील नायिका साकारणारा, पुढे एकाच चित्रात राम आणि सीता या दोन्ही भूमिका वठविणारा आणि अखेरीस स्वतः कॅमेऱ्याचा दांडा हाती घेणारा जो इसम, त्या अण्णा हरी साळुंके यांची कारकीर्द सलगपणे क्वचितच सांगितली जाते. ती येथे सांगण्याचा हेतू आहे.

चलच्चित्रांची ओळख मुंबईस फार लवकर झाली. 7 जुलै 1896 रोजी ल्युमिएर बंधूंच्या माणसांनी वॉटसन हॉटेलात पहिला खेळ केला. पुढे तीनच वर्षांत सावेदादा भाटवडेकरांनी एका कुस्तीचे चित्रण केले. आणि पंधरा वर्षांच्या आत गिरगाव, सँडहर्स्ट रोड व ग्रँट रोड या टापूत तंबूंच्या जागी पक्की चित्रगृहे उभी राहिली. या चित्रगृहांतून दिसणारी माणसे, घरे, देव आणि दैत्य सर्व परदेशीय होते. 1910-11 च्या सुमारास गिरगावातील अमेरिका-इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये ख्रिस्तचरित्राचा चित्रपट पाहत असता फाळक्यांच्या मनात राम-कृष्णांची चित्रे उभी राहिली, हा प्रसंग त्यांनी स्वतःच पुढे ‘नवयुग’ मासिकातील लेखांत नमूद केला आहे. त्यानंतर विम्याच्या पॉलिसी गहाण ठेवून काढलेले कर्ज, 1912 च्या फेब्रुवारीतील विलायतेचा प्रवास, तेथे खरेदी केलेला विल्यमसन कॅमेरा आणि परतल्यावर कुंडीतील वाटाण्याच्या रोपाची वाढ टिपणारी ती इवलीशी चित्रफीत, या गोष्टी सर्वश्रुत आहेत. कॅमेरा आला, कच्ची फिल्म आली, अंधारखोली तयार झाली, कथाही ठरली. खोळंबा झाला तो माणसांपाशी.

हा खोळंबा कशामुळे झाला हे समजण्यासाठी त्या काळची रंगभूमी डोळ्यांसमोर आणावी लागते. मराठी नाटक मंडळ्यांतून स्त्रीपात्राचे काम पुरुषाने करावयाचे ही वहिवाट दृढ झालेली होती आणि तिला कमालीची प्रतिष्ठा लाभलेली होती. बालगंधर्व 1905 पासून किर्लोस्कर मंडळीत शकुंतला, भामिनी आदी भूमिका करीत होते, त्यांच्या नेसण्या-माळण्याचे अनुकरण खानदानी स्त्रिया करीत होत्या, आणि ‘राजा हरिश्चंद्र’ ज्या 1913 साली पडद्यावर आला त्याच साली त्यांनी गणेशराव बोडस व गोविंदराव टेंबे यांच्यासह गंधर्व नाटक मंडळीची स्थापना केली. अशा नावाजलेल्या नटाने संगीताचा आधार सोडून, प्रेक्षकांच्या ‘वन्स मोअर’चा मोह सोडून, एका मुक्या यंत्रापुढे उन्हात उभे राहावे, ही अपेक्षाच व्यर्थ होती. दुसरीकडे, स्त्रीची भूमिका प्रत्यक्ष स्त्रीने करावी असा फाळक्यांचा आग्रह होता. परंतु कुलीन स्त्रियांची गोष्ट दूरच, ज्यांना समाजाने आधीच बहिष्कृत केले होते त्या वेश्यावस्तीतील स्त्रियांनीही या कामास नकार दिला. वर्तमानपत्रांत जाहिराती देऊन पाहिल्या. आलेल्या उमेदवारांत राणी तारामती शोभेल असा चेहरा सापडेना. हरिश्चंद्रासाठी दत्तात्रय दामोदर दबके मिळाले. रोहिदासासाठी, अरण्यात मरण पावणाऱ्या मुलाचे काम आपल्या पोरास देण्यास कोणी आईबाप धजेनात म्हणून, फाळक्यांनी आपला थोरला मुलगा भालचंद्र यासच उभे केले. तारामती तेवढी मिळेना.

ती मिळाली ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहात. तेथे स्वयंपाकघराच्या कामावर असलेला, सडपातळ बांध्याचा, रेखीव चेहऱ्याचा आणि नाजूक हातांचा एक तरुण फाळक्यांच्या दृष्टीस पडला. अंगी चित्रकला, छायालेखन आणि मुद्रण या तिन्ही विद्या मुरलेल्या त्या माणसाने त्या तरुणाच्या हालचाली न्याहाळल्या आणि तेथेच निश्चय केला. साळुंके यांना उपाहारगृहात दरमहा 10 रुपये मिळत. फाळक्यांनी 15 देऊ केले. पाच रुपयांची ही वाढ आज क्षुल्लक वाटेल, परंतु मूळ तनख्याच्या निम्म्याइतकी ती होती, आणि चुलीपुढे राबणाऱ्या माणसाने ती स्वीकारली यात कलेची हाक ऐकू आल्याचा आव आणण्याचे कारण नाही. अधिक पगाराची नोकरी मिळाली म्हणून साळुंके दादरला आले. कला त्यांना तेथे आल्यावर भेटली, आणि ज्या निष्ठेने ते चुलीचे काम करीत असतील त्याच निष्ठेने त्यांनी ती पुढे अठरा वर्षे सांभाळली.

मथुरा भवनातील दिनक्रम नाटक मंडळीच्या बिऱ्हाडासारखाच होता. साठ-सत्तर माणसांच्या जेवणाची व्यवस्था सरस्वतीबाई फाळके पाहत. रात्री अंधारात कच्च्या फिल्मला छिद्रे पाडणे, रसायने कालवणे, फिल्म धुणे ही कामेही त्यांच्याच देखरेखीखाली होत. आणि दिवसा सूर्यप्रकाश परावर्तित करण्यासाठी पांढऱ्या चादरी धरून त्या उभ्या राहत. त्र्यंबक तेलंग कॅमेरा फिरवीत. चित्रपटात काम करतो म्हटले तर लोक नावे ठेवतात, म्हणून कोणी विचारल्यास आपण हरिश्चंद्राच्या कारखान्यात कामाला आहोत असे सांगावे, अशी सूचना फाळक्यांनी आपल्या माणसांस दिली होती. कारखाना ही संज्ञा तेथे शोभूनही दिसत होती, कारण स्वयंपाक करणे, पाणी भरणे, पडदे रंगविणे आणि राजाराणीचे सोंग घेणे ही सर्व कामे तेथे सारख्याच तोलाने वाटून दिली जात.

साळुंके यांच्या संबंधात या दिवसांतील एक हकीकत परंपरेने सांगितली जाते. तालमी पार पडल्या, चित्रणाचा दिवस आला, पण तारामतीच्या ओठांवर मिशा तशाच. मिशा उतराव्यात असे फाळक्यांनी म्हणताच साळुंके गडबडले; कारण वडील हयात असता पुत्राने मिशा काढणे म्हणजे घरात सुतक पडल्याची खूण, असा हिंदू घरांतील समज. अखेर मुलाची आणि वडिलांची दोघांचीही समजूत घालण्यात आली आणि वस्तरा फिरला. आजच्या वाचकास यात विनोद दिसेल. परंतु थोडे थांबून पाहिले तर पंधरा रुपयांच्या चाकरीसाठी एका साध्या माणसाने लोकापवादाचे केवढे ओझे पत्करले, हे ध्यानात येईल. बालगंधर्वांच्या मागे मंडळीची प्रतिष्ठा आणि रसिकांचा लोंढा होता. साळुंके यांच्या मागे फाळक्यांच्या शब्दाखेरीज काहीही नव्हते.

या नव्या कामाचे स्वरूपही रंगभूमीहून अगदी निराळे होते. नाटकातील नट वाचिक अभिनयावर तरतो. त्याचा आवाज शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचला की डोळ्यांतील भाव दिसला नाही तरी चालते. येथे वाणीच हिरावून घेतलेली. कॅमेरा एका जागी स्थिर, प्रकाश केवळ सूर्याचा, आणि ढग आला की सर्व काम ठप्प. त्या वेळच्या फिल्मला तांबडा रंग जवळजवळ दिसतच नसे, त्यामुळे कपाळावरील लाल कुंकू पडद्यावर काळे उमटे आणि निळे आकाश पांढरे फटक पडे; रंगभूषेचे सर्व गणित नव्याने मांडावे लागे. अशा स्थितीत नऊवारी लुगड्याचा भार सांभाळीत, मान किती झुकवावी, पदर केव्हा ओढावा, पुत्राच्या कलेवरावर पडताना हात कोठे टाकावा, हे सर्व शब्दांवाचून सांगावयाचे होते. आणि सांगणारा माणूस रंगभूमीवर कधीही न मिरविलेला. फाळके स्वतः प्रत्येक भूमिका करून दाखवीत, आणि साळुंके ती पाहून उचलीत.

बाह्यचित्रणासाठी मंडळी वांगणीस गेली असता भाले-तलवारी घेतलेली ती माणसे पाहून गावकऱ्यांना दरोडेखोर आल्याचा संशय आला, आणि खरी हकीकत पटवून देईपर्यंत अंमलदारांपुढे मोठी पंचाईत झाली. सुमारे सात महिन्यांच्या परिश्रमानंतर 3,700 फूट लांबीचा चित्रपट सिद्ध झाला. 21 एप्रिल 1913 रोजी ग्रँट रोडच्या ऑलिंपिया थिएटरात निमंत्रितांसाठी खेळ झाला, आणि शनिवार, 3 मे 1913 रोजी गिरगावातील कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये तो सर्वांसाठी खुला झाला. जोडीला आयरीन डेल मार हिचे नृत्य आणि कसरतीचे व विनोदाचे प्रयोग होते, यावरून देशी चित्रपट एकट्याच्या बळावर प्रेक्षक ओढील याची चालकांसही खातरजमा नव्हती हे दिसते. परंतु प्रेक्षक आले, पुन्हा आले, आणि मुदत वाढवावी लागली.

पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात फाळक्यांच्या हरिश्चंद्राचा जो अंश जपलेला आहे, तो पाहण्याची संधी ज्यांना मिळेल त्यांनी आरंभीचे दृश्य काळजीपूर्वक पाहावे. राजा आपल्या पुत्रास धनुर्विद्या शिकवीत आहे, राणी शेजारी आहे. मांडणी रविवर्म्याच्या चित्राची आठवण करून देणारी. धनुष्य पुत्राच्या हाती असले तरी राणीची दृष्टी त्याच्यावर आहे, आणि त्या पाहण्यातूनच आईचे नाते ठसते. पुढे जलक्रीडेचा प्रसंग आहे. हौदात राणी आणि तिच्या सख्या, सर्व पुरुषच, ओलेत्या वस्त्रांनी पाणी उडवीत आहेत आणि राजा तेथे येतो. भिजलेल्या वस्त्रातून पुरुषाचा देह लपत नाही, आणि तरीही त्या घोळक्यात तारामती कोणती हे क्षणात ओळखू येते. वेष उघडा पडला असताही भूमिका टिकते, हीच अभिनयाची खरी कसोटी. आणि हॉटेलातून उचललेल्या या माणसाने ती पार केली.

याच काळात समुद्रापार अमेरिकेत नटाच्या नावाचे मूल्य नुकतेच उमगू लागले होते. तेथील बायोग्राफ कंपनी आपल्या नटनट्यांची नावे जाहीर करीत नसे. फ्लॉरेन्स लॉरेन्स ही नटी प्रेक्षकांस ‘बायोग्राफची मुलगी’ म्हणूनच ठाऊक होती. कार्ल लेमली याने तिला आपल्या कंपनीत आणले आणि 1910 साली तिचे नाव गाजवून त्यावरच धंदा उभारला. नावासाठी तिकीट काढणारा प्रेक्षक तेथूनच घडला. आपल्याकडे याच सुमारास प्रेक्षक देवाच्या नावासाठी येत होता. तारामती पाहावयास लोक आले, साळुंके पाहावयास नव्हे. पौराणिक चित्रपटाचे हे बळ होते. आणि त्यातील नटाची हीच दुर्दशाही होती, कारण त्याचे काम जितके उत्तम, तितका तो देवतेच्या मूर्तीमागे अधिक लोपत असे.

हरिश्चंद्रानंतर फाळक्यांनी आपला कारखाना नाशिकास हलविला, आणि तेथे ‘मोहिनी भस्मासुर’ या चित्रात दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमलाबाई या मायलेकी कॅमेऱ्यापुढे उभ्या राहिल्या. स्त्रीचे काम स्त्रीने करण्याचा प्रघात भारतीय चित्रपटात असा पहिल्याच वर्षी पडला. साळुंके यांच्या कारकिर्दीचे योग्य मोल करावयाचे तर हा कालक्रम नीट ध्यानात घ्यावा लागतो. 1912 साली स्त्री मिळेना म्हणून त्यांची निवड झाली हे निर्विवाद. परंतु 1917 साली ‘लंकादहना’च्या वेळी मार्ग मोकळा झालेला असताही, कुलीन स्त्रिया अजून विरळाच मिळत होत्या हे गृहीत धरूनही, सीतेसाठी फाळक्यांनी साळुंके यांनाच उभे केले, आणि तेवढ्यावर न थांबता रामाची भूमिकाही त्यांच्याच स्वाधीन केली. केवळ नाइलाजाने पत्करलेल्या माणसावर कोणताही जाणता दिग्दर्शक चित्राचे दोन्ही खांब उभे करीत नाही. ही निवड विश्वासातून झालेली होती.

लंकादहनाचा कथाभागही या प्रयोगास अनुकूल होता. राम किष्किंधेकडे, सीता अशोकवनात; दोघे एकमेकांपासून दुरावलेले आणि मध्ये सांधा हनुमंताचा, जे काम गणपत शिंदे यांनी केले. त्यामुळे एकाच नटास दोन्ही बाजू सांभाळता आल्या. तथापि कथेने दिलेली सवलत अभिनयाचे काम हलके करीत नाही. रामाचा संयम आणि सीतेचा संयम हे दोन वेगळे भाव आहेत. पहिल्यात सामर्थ्य रोखून धरलेले असते, दुसऱ्यात असहायता झाकलेली असते. उभे राहण्याची ढब, खांद्याचा कल, चालीतील लय, सर्व बदलावे लागते, आणि तेही वाणीच्या साहाय्याविना. लोकांनी त्या रामास खरोखरीचा राम मानले. तो पडद्यावर दिसताच प्रेक्षक पायांतील जोडे काढीत, अशी आठवण सांगितली जाते. आणि मद्रासेस तिकिटांची नाणी पोत्यांत भरून पोलिसांच्या पहाऱ्यात बैलगाडीने न्यावी लागली, अशीही आख्यायिका आहे. त्याच वर्षी फाळक्यांनी हरिश्चंद्राचे नव्याने चित्रण केले तेव्हाही दबके राजा झाले आणि साळुंके राणी.

योगायोग असा की, याच 1917 साली अमेरिकेत ज्युलियन एल्टिंज हा स्त्रीवेषासाठी विख्यात असलेला रंगनट प्रथमच चित्रपटाचा नायक झाला. न्यूयॉर्कच्या बेचाळिसाव्या रस्त्यावर 1912 पासून त्याच्या नावाचे थिएटर उभे होते. त्याच्या चित्रपटाचा सारा आनंद पुरुषाने घेतलेल्या स्त्रीवेषात होता. वेषांतर आहे हे प्रेक्षकांस ठाऊक असावे आणि त्यातून गंमत यावी अशी रचना. साळुंके यांच्या सीतेत या गमतीस जागा नव्हती. तिला पाहणाऱ्या स्त्रिया रडत असल्या पाहिजेत, भाविकांचे हात जोडले गेले पाहिजेत, अशी त्या भूमिकेची मागणी होती. एकाच वर्षी, एकाच माध्यमात, दोन देशांत पुरुषाने स्त्रीरूप धारण केले. तेथे नटाचे कसब मिरविण्यासाठी आणि येथे नटाचे अस्तित्व विसरविण्यासाठी. दोहोंत अधिक कठीण काम कोणते, याविषयी आमच्या मनात शंका नाही.

1 जानेवारी 1918 रोजी नाशिकास हिंदुस्थान फिल्म कंपनी स्थापन झाली. मायाशंकर भट्ट, वामन श्रीधर आपटे आदी भागीदारांचे भांडवल आले, आणि हिशेबाच्या वह्यांसह भागीदारांतील मतभेदही आले. या कंपनीत साळुंके यांनी आपल्या आयुष्यातील दुसरे वळण घेतले. ते कॅमेऱ्यापुढून कॅमेऱ्यामागे गेले. ‘सत्यनारायण’ (1922) आणि ‘बुद्धदेव’ (1923) यांचे छायालेखन त्यांचे, आणि त्यांनी चित्रित केलेल्या चित्रपटांची एकूण संख्या तीसच्या वर जाते. त्या काळी छायालेखकाचा हात म्हणजेच यंत्राचे इंजिन. दांडा सेकंदास दोन फेरे या गतीने फिरवावयाचा, म्हणजे सेकंदास सोळा चित्रे उमटत. हात जरा मंदावला की पडद्यावरील माणूस धावू लागे, आणि घाई झाली की तो रेंगाळे. नटाचा अभिनय कसाही असो, त्याची लय अखेर या हाताच्या स्वाधीन. ज्याने स्वतः या यंत्रापुढे उभे राहून कुंकू काळे उमटते आणि डोळा कोठे वळविला म्हणजे प्रकाश पकडतो हे अनुभवले होते, त्याच्याइतका या कामास लायक दुसरा कोण?

नटाने रंग उतरविला म्हणजे त्याचा ऱ्हास झाला, अशी आपली समजूत असते. साळुंके यांच्या बाबतीत ती सर्वस्वी चुकीची ठरेल. वय वाढले, चेहऱ्यावरील कोवळीक गेली, स्त्रिया या क्षेत्रात येऊ लागल्या, तेव्हा हरलेल्या नटाप्रमाणे जुन्या कीर्तीला कवटाळून न बसता त्यांनी नवी विद्या आत्मसात केली आणि तिच्यावर पहिल्या विद्येपेक्षाही दीर्घकाळ चरितार्थ चालविला. 14 मार्च 1931 रोजी गिरगावच्या मॅजेस्टिकमध्ये ‘आलम आरा’ बोलू लागला आणि मूकपटांचे युग आटोपत आले. साळुंके यांच्या कारकिर्दीची नोंदही त्याच वर्षापाशी थांबते. म्हणजे भारतीय मूकपटाचे आयुष्य आणि या एका माणसाचे कार्य यांचा आरंभ व शेवट जवळजवळ एकच आहे. असे भाग्य फाळक्यांखेरीज फार थोड्यांच्या वाट्यास आले.

मुंबईच्या चित्रव्यवसायाचा इतिहास लिहिताना आपण प्रवर्तकांस, भांडवलदारांस आणि पुढील काळातील ताऱ्यांस मुक्तहस्ताने पाने देतो. ते योग्यही आहे. परंतु हा व्यवसाय उभा राहिला तो परळच्या गिरण्यांतील कामगारांसारख्याच हातांवर पोट असलेल्या माणसांच्या बळावर, जी माणसे चुलीपुढून उठून आली, सांगितले ते शिकली, आणि काम संपेपर्यंत जागची हलली नाहीत. अण्णा साळुंके हे त्यांतले पहिले. भारतीय चित्रपटातील पहिली नायिका त्यांनी साकारली, एकाच चित्रातील दुहेरी भूमिकेचा पायंडा त्यांनी पाडला, आणि नट व छायालेखक या दोन्ही नात्यांनी मूकपटाची सबंध वाट ते चालले. गिरगावात जेथे त्यांची तारामती प्रथम पडद्यावर उमटली आणि दादरला जेथे ती घडली, त्या दोन्ही ठिकाणी फाळक्यांच्या नावाशेजारी साळुंके यांचे नाव कोरले जावे. महानगरपालिकेने आणि चित्रपट व्यावसायिकांच्या संस्थांनी हे काम मनावर घ्यावे, आणि वाचकांनी त्याचा पाठपुरावा करावा, एवढीच विनंती.